दोन दारांचे दालन

मनुष्य मुळात चांगला की वाईट, या प्रश्नाचा निकाल त्या वस्तुसंग्रहालयाच्या दुसऱ्या मजल्यावर आणि तोही सुट्टीचा हंगाम संपण्याच्या आत लागला पाहिजे, असे संचालकबाईंनी जाहीर केले, तेव्हा अभिरक्षक एका मातीच्या वाडग्याच्या बुडाशी साचलेली धूळ मऊ ब्रशाने काढीत होता. त्याने ब्रश खाली ठेवला नाही. वरिष्ठांच्या कल्पना ऐकताना हात कामात असावेत, म्हणजे चेहऱ्यावर जे काही उमटते ते कामामुळे उमटले असे सांगता येते, एवढे तो नोकरीत शिकला होता.

"शेजारचं दालन बंदच पडून आहे," बाई म्हणाल्या. "तिथे हंगामापुरतं प्रदर्शन लावू. 'माणूस आणि त्याचा उद्या'. बाहेर पडायला दोन दारं आहेतच. डाव्यावर लिहू, माणूस मुळात सज्जन आहे. उजव्यावर, माणूस मुळात दुर्जन आहे. सगळं बघून झालं की ज्याला जे पटेल त्या दाराने त्याने बाहेर पडायचं. दाराशी फिरतं फाटक, फाटकाला मोजणी. लोकच काय ते ठरवतील."

"आणि ठरलं की?"

"स्पष्ट कौल मिळाला तर प्रदर्शन कायमचं. ज्याची बाजू जिंकेल तो त्याचा प्रमुख." बाईंनी त्याच्या दालनावरून नजर फिरवली, घर बघायला आलेले गिऱ्हाईक फिरवते तशी. "मग मात्र एक दालन पुरणार नाही. तुमची भांडी तळघरात नीट राहतील."

"आणि कौल स्पष्ट नसला तर?"

"तर हंगाम संपला की गुंडाळू. तुमचं दालन तुम्हाला लखलाभ."

"या मजल्यावर सगळ्यांत जास्त माणसं माझ्याकडे येतात, बाई. शस्त्रांच्या दालनापेक्षाही."

"ठाऊक आहे मला," बाई म्हणाल्या, आणि त्या का हसल्या ते त्याला कळले नाही.

त्या दालनात काय होते, हे बाहेरच्या माणसाला सांगणे कठीण. मडकी, वाडगे, सुरया, झाकण्या. त्यांतली निम्मी फुटून जोडलेली. पण अभिरक्षकाने ती काळानुसार लावली नव्हती, आकारानुसारही नव्हती. ओली माती चाकावरून उचलताना कुंभाराचा अंगठा बुडाशी दाबला जातो आणि त्याची खूण भाजल्यावर कायमची राहते. भिंग लावून, वर्षानुवर्षे मान मोडून त्याने त्या खुणा जुळविल्या होत्या, आणि एकेका अंगठ्याची भांडी एकेका फळीवर आणली होती. ज्यांची नावे, घरे, भाषा सारे मातीत गेले, अशी काही माणसे त्या फळ्यांवर पुन्हा वेगवेगळी उभी होती. कोणी घाईत काम करणारा, कोणी डावखुरा, कोणी म्हातारपणी हात कापू लागलेला. तळघरात भांडी आकारानुसार पेट्यांत रचतात, कारण पेट्यांना तेवढेच कळते. तळघरात जाणे म्हणजे त्या सगळ्यांनी पुन्हा एकदा मरणे, असे अभिरक्षकाचे मत होते. आणि जिवंत माणसांविषयी त्याचे मत एवढे हळवे कधीच नव्हते.

प्रदर्शनासाठी नेमलेले दोघे विद्वान एकमेकांचे साडू होते. सख्ख्या बहिणींशी लग्ने केल्यामुळे उभयतांना एकाच सासऱ्याच्या दिवाणखान्यात, एकाच सोफ्यावर, तरुणपणापासून वाद घालण्याची सोय झाली होती, आणि सासरा जाऊन, सोफा विकला जाऊनही वाद तसाच उरला होता. पहिला प्राध्यापक सहकार्य, करुणा आणि उज्ज्वल भवितव्य यांवर बोले व प्रत्येक व्याख्यानाचा शेवट सूर्योदयाने करी. म्हणून कर्मचाऱ्यांनी त्याचे नाव पहाट ठेवले होते. दुसऱ्याचा सिद्धान्त असा की, माणूस हा कपडे घातलेला लांडगा असून पुढच्या काही पिढ्यांत तो स्वतःलाच खाऊन संपवील. त्याला खग्रास म्हणत. विनोद असा की, अखिल मानवजातीवर विश्वास टाकणारा पहाट आपली छत्री कधी दाराबाहेर ठेवीत नसे, बैठकीतही ती मांडीवर घेऊन बसे. आणि सगळ्यांना चोर समजणारा खग्रास पाकीट, चष्मा, किल्ल्या मिळेल त्या टेबलावर टाकून जेवायला निघून जाई, आणि ते सारे त्याला दर वेळी परत मिळे. पण स्वतःच्या सिद्धान्ताविरुद्धचा पुरावा खिशात घेऊन हिंडण्याची सवय विद्वानांना असतेच.

मांडणीला सुरुवात झाली तेव्हा भांडारात एक प्राचीन दोर निघाला. जाड, पिळदार, माणसाच्या मनगटाएवढा.

"हा माझ्याकडे," पहाट म्हणाला. "किती हातांनी मिळून ओढला असेल. सहकार्य म्हणजे दुसरं काय असतं?"

"ओढला असेल की," खग्रास म्हणाला. "पण दुसऱ्या टोकाला कोण बांधलेलं होतं ते विचारा."

"तुम्हाला सगळीकडे बांधलेलेच दिसतात."

"आणि तुम्हाला लग्नानंतरही नाही दिसले, याचं मला कौतुक वाटतं."

शेवटी संचालकबाईंनी दोर मधोमध कापून अर्धा-अर्धा वाटून दिला. अभिरक्षक त्या वेळी तिथे उभा होता. ज्या वस्तूने इतकी शतके काढली तिचे मानवस्वभावाच्या अभ्यासकांपुढे एक सकाळही निभले नाही, हे त्याने पाहिले आणि तो आपल्या दालनात परतला.

प्रदर्शन उघडले. लोक आले, डोळे विस्फारून आले, मुलांना कडेवर घेऊन आले. पहिल्या आठवड्यापासून डाव्या दाराचे फाटक थांबेना. सज्जनांचा आकडा दुर्जनांच्या कितीतरी पुढे गेला. पहाट रोज संध्याकाळी येऊन यंत्रावरचा आकडा वाचे, आणि नातवाची उंची सांगावी तसा तो दिसेल त्याला सांगे. त्याने वर्तमानपत्रात लेख लिहिला. सामान्य माणसाच्या अंतःकरणात ज्योत असते, ती कोणी विझवू शकत नाही, असे त्यात होते. ज्योत हा शब्द त्यात इतक्या वेळा आला होता की अभिरक्षकाला वाचताना धूर झाल्यासारखे वाटले.

"लोक स्वतःला चांगलं म्हणवून घेतात," खग्रास म्हणाला, "यात नवीन काय? दुर्जनपणाचं पहिलं लक्षणच ते आहे. हा कौल माझ्याच बाजूचा आहे."

मग एका सोमवारी वारे फिरले. डावे फाटक ओस पडले आणि उजवे गरगरू लागले. तीच माणसे, तोच अर्धा-अर्धा दोर, पण आता जो तो मनुष्यजातीला दुर्जन ठरवून बाहेर पडत होता. खग्रासाचे गाल वर आले. तो दालनात उभा राहून येणाऱ्या-जाणाऱ्याकडे ममतेने पाहू लागला. पहाटेने दोन दिवस तोंड दाखविले नाही. तिसऱ्या दिवशी तो नवा विचार घेऊन आला. आपण वाईट आहोत हे मोकळेपणी कबूल करणे, हा सज्जनपणाचा कळस नव्हे काय?

अभिरक्षकाला या दोघांचाही राग येत नव्हता. राग यायला समोरच्याला थोडी किंमत द्यावी लागते. पण एक गोष्ट त्याला टोचत होती. प्रदर्शन उघडल्यापासून त्याच्या दालनातली वर्दळ पार आटली होती. लोकांना गंभीर गोष्टी नकोत, तमाशा हवा, असे त्याने स्वतःला समजाविले, आणि हे समजून घ्यायला त्याला मुळीच कष्ट पडले नाहीत.

त्याच आठवड्यात एका दुपारी, कॅन्टीनचा चहा वाजवीपेक्षा अधिक झालेला असताना, तो काही कामाने प्रदर्शनात शिरला. काम होईपर्यंत त्याला घाई झाली. समोर बाणाची पाटी होती, 'स्वच्छतागृह', आणि बाण उजवीकडे होता. तो चालू लागला. पाठीमागे यंत्र टक् करून वाजले तेव्हा त्याचा पाय जागीच थबकला. जीवनात प्रथमच त्याने मानवजातीविषयी जाहीर मत दिले होते, आणि ते देताना त्याच्या डोक्यात मानवजात मुळीच नव्हती.

घाईचे काम उरकून तो परत आला आणि दारांबाहेरच्या ओवरीत उभा राहून पाहू लागला. माणसे प्रदर्शन बघत, जांभया देत, मुले कुरकुरू लागत, आया पाटी शोधीत. उजवीकडे वळणाऱ्यांतल्या कोणाची मान दारावरच्या ठळक अक्षरांकडे गेली नाही. डाव्या ओवरीतल्या स्वच्छतागृहाची नळी त्या सोमवारी फुटली होती. तिथे 'दुरुस्तीसाठी बंद' अशी पाटी लावून लोकांना उजवीकडच्या स्वच्छतागृहाकडे वळविण्यात आले होते. त्याआधी उजवीकडचे बंद असे. मानवस्वभाव पालटला होता तो एवढ्यापुरताच.

त्या मजल्यावरच्या सोयीच्या पाट्या अभिरक्षकाच्याच अखत्यारीत होत्या.

त्या दिवशी घरी त्याने ही हकिकत बायकोला सांगितली. ती फिजिओथेरपिस्ट होती. लोकांचे आखडलेले सांधे मोकळे करून दमून आलेली असे, आणि नवऱ्याचे बोलणे ती पाय गरम पाण्यात सोडून ऐके.

"मग आता?" ती म्हणाली.

"आता नळी दुरुस्त झाली आहे. उद्यापासून पाटी माझ्या हातात. डावा आकडा मागे पडला की उजवीकडचं बंद. उजवा मागे पडला की डावीकडचं. हंगाम संपेपर्यंत दोन्ही बरोबरीत आणून ठेवतो. कौल स्पष्ट नाही, प्रदर्शन गुंडाळलं, माझी भांडी जागच्या जागी."

"म्हणजे मनुष्यस्वभाव आता तुम्ही चालवणार."

"मी पाटी हलवणार."

"आणि त्या दोघांना सरळ सांगितलंत तर?"

"त्यांना? अगं, ते दोघे ऐकत नसतात. आपली पाळी यायची वाट बघत असतात."

"माझ्याकडे येणारे सगळे सांगतात, खांदा एकाएकी धरला," ती पाय पुसत म्हणाली. "एकाएकी काही धरत नाही हो. वर्षानुवर्षं एकाच कुशीवर झोपलेले असतात, आणि ते त्यांना माहीतच नसतं. त्या दोघा साडूंचं तसंच आहे. जपून करा काय ते. तुम्हालाही माणसं नीट ओळखू येतात असं माझं काही मत नाही."

अभिरक्षकाने हे बोलणे थकव्याच्या माथी मारले.

पुढचे आठवडे त्याने जे राज्य केले ते फार थोड्या राजांच्या वाट्याला येते. सकाळी आकडे पाहावे, 'दुरुस्तीसाठी बंद' ही पाटी काखोटीला मारावी आणि या ओवरीतून त्या ओवरीत न्यावी. दुपारपर्यंत शेकडो जीव निमूटपणे सज्जन होत. दुसऱ्या दिवशी तितकेच निमूटपणे दुर्जन. त्याला मौज वाटू लागली, आणि आपल्याला मौज वाटते याची किंचित किळसही. एकदा शाळेची सहल आली, तेव्हा आकडा एकदम डावीकडे झुकला आणि तो सावरण्यासाठी त्याला डाव्या ओवरीतले दिवेही काढून ठेवावे लागले. पहाट आणि खग्रास रोज येऊन आलेख काढीत. सोमवारचा माणूस निराश असतो, ढगाळ हवेत परोपकार वाढतो, असली निरीक्षणे त्यांनी टिपून ठेविली. अभिरक्षक त्यांच्या शेजारून पाटी घेऊन जाई, आणि दोघांपैकी एकानेही कधी ती काय म्हणून विचारले नाही.

हंगामाच्या शेवटी बैठक भरली. संचालकबाई, दोघे साडू, अभिरक्षक आणि एक वयोवृद्ध विश्वस्त, जे डोळे मिटून ऐकत की झोपत हे त्यांच्या घरच्यांनाही सांगता आले नसते. दोन्ही आकडे जवळजवळ सारखे आले होते.

"कौल स्पष्ट नाही," अभिरक्षक म्हणाला. त्याने आवाजात शक्य तितका खेद घातला. "ठरल्याप्रमाणे प्रदर्शन गुंडाळावं लागेल."

पहाटेने खग्रासाकडे पाहिले. खग्रासाने पहाटेकडे पाहिले. आणि मग जे झाले ते त्यांच्या बायकांनी लग्नापासून कधी पाहिले नसेल.

"मला वाटतं," पहाट म्हणाला, "निम्मे-निम्मे ही तर फार मोठी गोष्ट आहे."

"प्रचंड," खग्रास म्हणाला.

"प्रश्न खुला आहे, याचा हा पुरावाच."

"आणि खुला प्रश्न एका हंगामात बंद करणं म्हणजे बेजबाबदारपणा. मी साडूंशी पूर्ण सहमत आहे. प्रदर्शन कायमचं झालं पाहिजे. आम्ही दोघं मिळून प्रमुख."

अभिरक्षकाच्या हाताखालचे टेबल थंडगार लागू लागले. जिंकणे आणि हरणे या दोन्ही शक्यतांचा त्याने विचार केला होता. या दोघांना निकालच नको आहे, निकाल लागला तर उरलेले आयुष्य घरी बसून काय बोलायचे हा त्यांच्यापुढचा खरा प्रश्न आहे, हे त्याच्या ध्यानात आले नव्हते. सगळी मानवजात त्याने एका पाटीने हाकली होती, आणि टेबलापलीकडचे दोन म्हातारे त्याला वाचता आले नव्हते. आता एकच उपाय उरला होता.

"हे आकडे खोटे आहेत," तो म्हणाला, आणि त्याने सगळे सांगितले. नळी, बाण, पाटी, काढलेले दिवे. "दारावर काय लिहिलंय ते कोणी वाचतच नव्हतं. लोक मोकळे व्हायला जात होते. आणि कुठे जायचं ते मी ठरवत होतो."

विश्वस्तांनी डोळे उघडले. अभिरक्षकाला वाटले, आता गुंडाळतील. माझी नोकरीही गुंडाळतील कदाचित, पण भांडी राहतील.

"म्हणजे तुम्ही फसवलंत," खग्रास हळूच म्हणाला. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता; हरवलेले मूल सापडावे तसे काहीतरी होते. "इतका सुशिक्षित माणूस. आपली मडकी वाचवायला इतक्या लोकांना फसवत राहिलात. बाई, यापेक्षा मोठा पुरावा मी आयुष्यात पाहिला नाही."

"पण कबूल केलं," पहाट पुढे सरसावला. त्याच्या मांडीवरची छत्री खाली पडली. "कोणी विचारलंही नव्हतं. नोकरी जाईल हे माहीत असून स्वतःहून उठून सांगितलं. हीच ती ज्योत."

"सांगितलं ते फायदा होता म्हणून."

"सत्यात फायदा दिसणं हाच तर विवेक."

"मी ज्योत वगैरे काही नाही," अभिरक्षक म्हणाला. "मी स्वच्छतागृहाबद्दल बोलतोय." पण दोघे एव्हाना एकमेकांकडे वळले होते, आणि त्याच्याविषयी ते असे बोलत होते की जणू तो काचेच्या कपाटात होता.

संचालकबाईंनी चष्मा काढून पुसला. "लोक कशासाठी चालतात ते मला पहिल्या दिवसापासून माहीत आहे," त्या म्हणाल्या. "शेजारचं दालन बंद होतं तेव्हा ओवरीतल्या स्वच्छतागृहांकडे जायची वाट तुमच्या दालनातून होती. तुमच्याकडे एवढी गर्दी कशी, याचा तुम्ही कधी विचार केला होता का?"

अभिरक्षकाच्या डोळ्यांपुढून फळ्यांमधून जाणारी ती सगळी माणसे गेली. ती किती लगबगीने जात, आणि त्या लगबगीला आपण उत्सुकता समजत होतो, हे त्याला आठवले.

"माणसं येतात एवढं पुरे असतं," बाई जरा मऊपणे म्हणाल्या. "तुमच्यावर काही कारवाई करायची नाही मला. पण प्रदर्शन राहील. भांडी या आठवड्यात खाली हलवा."

विश्वस्त म्हणाले, "ठराव मंजूर," आणि त्यांनी पुन्हा डोळे मिटले.

भांडी त्याने स्वतःच्या हाताने बांधली. मदतनीसांना त्याने फळीला हात लावू दिला नाही. एकेका अंगठ्याची भांडी एकाच पेटीत जावीत म्हणून त्याने लहान-मोठी पात्रे गवताच्या पेंढ्यात अशी काही बसविली की भांडारपाल हताश झाला.

"साहेब, असं रचलं तर दुप्पट जागा जाते."

"जाऊ दे."

"शिवाय दिसणारसुद्धा नाही कोणाला, आत काय आहे ते."

"तुला कोणी दाखवायला सांगितलंय?"

बायको संध्याकाळी न्यायला आली आणि एका खोक्यावर बसली. एक सुरई पेंढ्यात गुंडाळून तिने त्याच्या हाती दिली, आणि ती कोणाच्या पेटीत जायची ते विचारले. त्याने बुडाकडे पाहून सांगितले, "डावखुऱ्याच्या." हा त्या हंगामातला त्याला बरा वाटलेला एकमेव प्रसंग.

दालनात राहिला तो एक रांजण. छातीइतका उंच, पोटाला रुंद, शेजारी त्याचे जाड मातीचे झाकण. तो कोणत्याही दारातून जाईना. मधली भिंत घालण्यापूर्वी कधीतरी तो आत आणलेला असावा. तो फोडल्याखेरीज निघणार नाही म्हणून राहू द्यावा असे ठरले, आणि अभिरक्षक त्याची शेवटची निगा करायला ओले फडके घेऊन आला, तेव्हा आपले नवे राज्य बघायला दोघे साडू तिथे आधीच पोचले होते.

"धान्याचा आहे," पहाट रांजणाभोवती फिरत म्हणाला. "अख्ख्या वस्तीचं धान्य एका जागी. मधोमध ठेवू. सामायिक भवितव्याची पहिली खूण."

"सामायिक वस्तूला एवढं जड झाकण कोण घालतो?" खग्रास म्हणाला. "हा साठेबाजाचा आहे. शेजारी उपाशी, आणि हा झाकण लावून बसलेला."

"झाकण उंदरांसाठी असतं."

"शेजाऱ्याला उंदीर समजणं नवीन नाही."

"हेच विचारू," पहाट म्हणाला. "अभिरक्षक आहेतच. सांगा हो, कशासाठी वापरायचे हा?"

अभिरक्षक गुडघ्यावर बसून झाकणाचा काठ पुसत होता. त्याने वर पाहिले नाही.

"माणूस मेला की गुडघे दुमडून आत बसवायचे. वरून झाकण. मग पुरायचे."

दोघे गप्प झाले. रांजणाच्या तोंडातून आतला अंधार वर आल्यासारखा वाटत होता, आणि एक क्षण असा गेला की दोघांनीही नकळत आपापल्या गुडघ्यांकडे पाहिले. अभिरक्षकाचा हात थांबला. हे दोघे खरोखरच गप्प बसू शकतात की काय, असे त्याला वाटून गेले.

"म्हणजे बघा," पहाट म्हणाला, "मेलेल्यालासुद्धा त्यांनी उघड्यावर टाकलं नाही."

"टाकलं नाही कसं? परत येऊ नये म्हणून डोक्यावर वजन ठेवलं."

"ती माया आहे."

"ती भीती आहे. झाकण उचलून बघा, मग कळेल."

"तुम्ही उचला. तुमचा सिद्धान्त आहे."

"पुरावा दोघांचा आहे, मी एकटा का उचलू?" खग्रास खाली वाकला. "अहो अभिरक्षक, तुम्हीच सांगा आता. आमच्यापैकी कोणाचं खरं?"

"एकेक करून आत बसून पाहा," अभिरक्षक म्हणाला. "झाकण मी घालतो."

पहाटेला हसू आले, मग खग्रासालाही आले, आणि आपल्याला एकाच वेळी एकाच गोष्टीचे हसू आले याचा दोघांना किंचित संकोच वाटला. अभिरक्षक हसला नाही. त्याने फडके पिळले आणि झाकणाचा राहिलेला काठ पुसायला घेतला.